मालमोटारीचे भाडे कसे ठरते? : वसई फाट्यावरील एका व्यवसायाचा अभ्यास

द्वितीय वर्ष कला (अर्थशास्त्र)

आपल्या महाविद्यालयात येणाऱ्या कितीतरी विद्यार्थ्यांना रोज महामार्ग ओलांडावा लागतो. रस्ता ओलांडताना आपण मालमोटारींना दोष देतो आणि त्या निघून गेल्या की त्यांना विसरून जातो. आपल्या घरातील साखर, अंगावरचे कापड, वर्गातील बाक, एवढेच काय, ज्या कागदावर हा वार्षिक अंक छापला जातो तो कागददेखील केव्हातरी मालमोटारीच्या पाठीवर बसूनच आलेला असतो. हा माल कोणी आणला, त्याला त्याचे किती मिळाले आणि ते ‘किती’ ठरवले कोणी, हा प्रश्न मात्र आपल्याला सहसा पडत नाही.

मला तो पडला, कारण माझे वडील मालमोटार चालवतात. सातारा जिल्ह्याच्या दुष्काळी भागातून ते क्लीनर म्हणून वसईत आले, पुढे ड्रायव्हर झाले आणि आता एका सतरा फुटी जुन्या गाडीचे मालक आहेत. मालक म्हणजे गाडीच्या कागदांवर त्यांचे नाव आहे. हप्ते अद्याप फिटायचे आहेत. आमच्या घरात महाविद्यालयाची पायरी चढणारी मी पहिलीच. वर्गात सरांनी स्थिर खर्च, बदलता खर्च आणि पूर्ण स्पर्धा हे विषय शिकवले, तेव्हा मला पुस्तकातील आलेखापेक्षा आप्पांची तेलाचे डाग पडलेली वही आठवली. त्या वहीच्या आधाराने केलेला हा छोटासा अभ्यास आहे. तो एका गाडीचा आहे, साऱ्या वसईचा नव्हे, हे आरंभीच नमूद करते.

व्यवसायाची पार्श्वभूमी

वसई म्हटले की लोकांना किल्ला, केळीच्या बागा आणि फुलांच्या पाट्या आठवतात. पण पश्चिमेकडील भाजी-फुले आजही पहाटेच्या लोकलने दादरला जातात. त्यांनी मालमोटारीचा व्यवसाय वाढवला नाही. तो वाढवला पूर्वेकडील गाळ्यांनी. गोखिवरे, वालीव, सातिवली, नवघर, पेल्हार या भागांत लहान कारखान्यांच्या वसाहती उभ्या राहिल्या. मुंबई-अहमदाबाद महामार्ग, म्हणजे पूर्वीचा क्रमांक ८ आणि आताचा ४८, त्यांच्या दारातून जातो. चिंचोटीहून कामणमार्गे निघालेला रस्ता भिवंडीच्या गोदामांना मिळतो. उत्तरेला वापी-सुरत, दक्षिणेला मुंबई, पूर्वेला भिवंडी-नाशिक, अशा तिठ्यावर आपले गाव बसले आहे.

येथील कारखाने लहान असल्यामुळे त्यांचा मालही थोडाथोडा निघतो. एका गाळ्यातून रोज दहाचाकी भरेल एवढा माल क्वचितच बाहेर पडतो. त्यामुळे फाट्यावर मोठ्या ट्रेलरपेक्षा लहान व मध्यम गाड्यांचीच गर्दी अधिक दिसते. १९८६ साली आलेली टाटा ४०७ आणि २००५ साली आलेली, लोकांनी ‘छोटा हत्ती’ असे बारसे केलेली टाटा एस या गाड्यांनी थोड्या भांडवलाच्या माणसालाही या धंद्याचे दार उघडून दिले. शिवाय पाण्याचे टँकर, बांधकामाचे डंपर आणि घरसामान हलवणारे टेम्पो या भाड्याच्या धंद्याच्या उपशाखा होत. आपल्या शहरात त्यांना बारमाही काम असते.

कायद्यानेही वाट मोकळी केली. १९८८ चा मोटार वाहन कायदा १ जुलै १९८९ पासून लागू झाला आणि मालवाहतुकीचा परवाना मिळणे पूर्वीपेक्षा सोपे झाले. अर्थशास्त्राच्या भाषेत बोलायचे तर बाजारातील प्रवेश खुला झाला. ज्याला कर्ज मिळाले तो मालक झाला. खुल्या प्रवेशाचा गुण आणि दोष, दोन्ही आपल्याला पुढे दिसतील.

मालापासून गाडीपर्यंतची साखळी

कारखानदाराला माल पाठवायचा असतो आणि गाडीवाल्याला भाडे हवे असते. तरी हे दोघे सहसा समोरासमोर येत नाहीत. मध्ये ट्रान्सपोर्टवाला, म्हणजे जुन्या भाषेतील हुंडेकरी, असतो. बिल्टी तो फाडतो आणि मालाची जबाबदारीही त्याच्याकडे असते. वाहकाची ही जबाबदारी पूर्वी १८६५ च्या कायद्याने ठरत असे. आता ती २००७ च्या कायद्याने ठरते आणि तो १ मार्च २०११ पासून अमलात आहे. हुंडेकऱ्याकडे स्वतःच्या गाड्या पुरेशा नसतात. मग तो दलालाला फोन करतो आणि दलाल नाक्यावर उभ्या असलेल्या आप्पांसारख्याला.

भाड्याचा काही भाग निघताना डिझेलसाठी मिळतो आणि उरलेला माल पोहोचल्याची सही आणून दिल्यावर. हा ‘उरलेला’ भाग कधीकधी फारच उरून राहतो. एका ठिकाणची बाकी मिळवण्यासाठी आप्पांना सहा महिने खेटे घालावे लागले. हप्ता मात्र दर महिन्याच्या पाच तारखेला चुकवावाच लागतो. थोडक्यात, लहान गाडीवाला मोठ्या कारखान्याला बिनव्याजी कर्ज देतो आणि ते देण्यासाठी स्वतः व्याजाने कर्ज काढतो.

हिशेबाची वही

आता प्रत्यक्ष गणिताकडे वळू. वहीतील आकडे सोयीसाठी गोल केले आहेत.

गाडी चालो अथवा उभी राहो, महिन्याला लागणारा खर्च असा : हप्ता २२,००० रुपये, विम्याचा मासिक भाग ४,०००, कर-पासिंग-परवाना १,००० आणि टायर-गॅरेजसाठी बाजूला काढायचे ५,०००. एकूण ३२,००० रुपये. टायर-गॅरेजचा खर्च काटेकोरपणे पाहता स्थिर नव्हे, पण आप्पा तो तसाच धरतात.

आता वसई-नाशिक ही एक फेरी घेऊ. जाऊन-येऊन सुमारे ३२० किलोमीटर. लिटरला आठ किलोमीटर या हिशेबाने ४० लिटर डिझेल. लिटरला ९० रुपये धरले तर ३,६०० रुपये. टोल ६००, दलाली ४५०, वाराई व किरकोळ ३५०. एकूण ५,००० रुपये. जातानाचे भाडे ९,००० रुपये मिळाले, तर फेरीमागे ४,००० उरले.

माल भरणे, रात्रीचा प्रवास, माल उतरवणे आणि परतीच्या मालाची वाट पाहणे यांत एका फेरीला तीन दिवस जातात. म्हणजे महिन्याला दहा फेऱ्या आणि ४०,००० रुपये. त्यातून स्थिर खर्चाचे ३२,००० वजा केले की ८,००० शिल्लक. आप्पांच्या वहीत ही शिल्लक ‘नफा’ म्हणून लिहिलेली आहे.

माझे आणि आप्पांचे मतभेद येथेच झाले. तीस दिवस गाडी चालवणाऱ्या ड्रायव्हरचा पगार या हिशेबात कोठेच नाही. आप्पांनी दुसऱ्याची गाडी चालवली असती तर त्यांना निदान १८,००० रुपये मिळाले असते. पुस्तकात यालाच संधिव्यय म्हटले आहे. तो धरला तर एकूण स्थिर खर्च ५०,००० होतो आणि ८,००० चा नफा १०,००० चा तोटा बनतो. स्वतः गाडी चालवणारे मालक या धंद्यात तग धरतात त्याचे रहस्य, मला वाटते, हेच आहे. ते स्वतःचाच पगार खाऊन गाडी जगवतात.

परतीचे भाडे : धंद्याची खरी किल्ली

मग हा धंदा चालतो तरी कसा? त्याचे उत्तर परतीच्या मालात आहे. नाशिकहून येताना ३,५०० रुपयांचा जरी माल मिळाला, तरी त्यावर ज्यादा खर्च फार तर ५०० रुपये येतो, कारण गाडी परत यायचीच असते. म्हणजे ३,००० रुपये निव्वळ हाती पडतात. दहांपैकी तीन फेऱ्यांना परतीचा माल मिळाला तर ४९,००० होतात आणि खर्च भागत नाही; चार फेऱ्यांना मिळाला तर ५२,००० होतात आणि खर्च भागतो. तीन आणि चार यांच्यामधील या एका फेरीवर आमच्या घरचा महिना उभा असतो.

जाण्याचे भाडे ९,००० आणि येण्याचे अवघे ३,५०० का, असा प्रश्न वाचकांना पडेल. रस्ता तोच, गाडी तीच. कारण असे की परतणाऱ्या गाडीवाल्याला रिकामे येण्यापेक्षा काहीही मिळाले तरी ते चालते. पण आपले परतीचे भाडे म्हणजे नाशिकच्या गाडीवाल्याचे जाण्याचे भाडे होय! आप्पा नाशिकला ३,५०० मध्ये माल उचलतात तेव्हा तेथील एखाद्या गाडीवाल्याच्या ताटातले घेतात. आणि नाशिकची गाडी वसई फाट्यावर उभी राहून ४,००० मध्ये घरी जायला तयार होते, तेव्हा ती आमच्या ९,००० वर पाणी सोडायला लावते. यात कोणाचाही दुष्टावा नाही. प्रत्येक जण शहाणपणानेच वागतो आणि सगळ्यांचे मिळून नुकसान होते. पूर्ण स्पर्धेचा आलेख फळ्यावर सुंदर दिसतो. नाक्यावर तो रात्रभर उभ्या राहिलेल्या माणसासारखा दिसतो.

बदलते प्रवाह

गेल्या काही वर्षांत या व्यवसायात बरेच बदल झाले. त्यांपैकी मुख्य तेवढे पाहू.

पहिला डिझेलचा. ऑक्टोबर २०१४ मध्ये डिझेलचे दर नियंत्रणमुक्त झाले आणि जून २०१७ पासून ते रोज बदलू लागले. ऑक्टोबर २०२१ मध्ये मुंबईत डिझेलने लिटरला शंभर रुपयांचा टप्पा ओलांडला. डिझेलचा दर बदलतो, पण ठरलेले भाडे त्याबरोबर बदलत नाही. मधला फरक गाडीवाला सोसतो.

दुसरा करांचा. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर आला, मुंबईची जकात गेली आणि दहिसरच्या जकात नाक्यावरील रांग इतिहासजमा झाली. फेब्रुवारी २०२१ पासून फास्टॅग सक्तीचा झाला. थांबण्याचे तास कमी होणे हा गाडीवाल्याचा खरा फायदा, कारण आमच्या हिशेबात पाहिल्याप्रमाणे एका फेरीला तीनऐवजी चार दिवस लागले तर दहा फेऱ्यांच्या साडेसातच होतात. दुर्दैवाने रस्त्याने हा फायदा बराचसा परत घेतला. घोडबंदरजवळची कोंडी आणि २०२३-२४ मधील महामार्गाच्या काँक्रिटीकरणाच्या काळातील रांगा आपण सर्वांनीच अनुभवल्या आहेत.

तिसरा वजनाचा. जुलै २०१८ मध्ये सरकारने गाड्यांची वजनमर्यादा वाढवली. दोन आसांच्या सहाचाकीचे मालासह एकूण वजन १६.२ टनांवरून १८.५ टन झाले. वरवर पाहता ही भेटच, पण एका रात्रीत साऱ्या देशाची वहनक्षमता वाढली आणि माल तेवढाच राहिला. पुरवठा वाढला की किंमत उतरते, हा पहिल्या वर्षाचाच धडा. १ एप्रिल २०२० पासून बीएस-६ इंजिने आली. हवा सुधारण्याच्या दृष्टीने ते योग्यच, मात्र नवी गाडी महागली आणि जुन्या गाडीचा भाव वाढला.

चौथा बदल मोबाईलचा. आता भाडे फोनवरील अॅपवर दिसते, दलाल टळतो आणि परतीचा माल शोधणे सोपे होते. पण तेच भाडे शेकडो गाडीवाल्यांना एकाच वेळी दिसते, तेव्हा दर खाली ओढला जातो हेही खरे.

पुढचे चित्रही पालटणार आहे. जवाहरलाल नेहरू बंदर ते दादरी हा मालगाड्यांसाठीचा स्वतंत्र रेल्वेमार्ग आपल्या तालुक्यातून जातो, आणि आपल्याच जिल्ह्यात वाढवण बंदराची पायाभरणी ऑगस्ट २०२४ मध्ये झाली. तेथील मच्छीमारांचा बंदराला विरोध आहे आणि तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे. भाड्याच्या धंद्यापुरते बोलायचे तर लांब पल्ल्याचा माल रेल्वेकडे जाईल आणि जवळच्या पल्ल्याची कामे लहान गाड्यांकडे येतील, असा माझा अंदाज आहे.

चाकामागचा माणूस

या साऱ्या हिशेबात माणूस हरवू नये. जानेवारी २०२४ च्या पहिल्या दोन-तीन दिवसांत नव्या कायद्यातील अपघाताच्या कलमाविरुद्ध ड्रायव्हर लोकांनी चाके थांबवली, तेव्हा पेट्रोल पंपांवर केवढ्या रांगा लागल्या होत्या! एरवी कोणाच्या खिजगणतीत नसलेला माणूस थांबला की समाज थांबतो. १ ऑक्टोबर २०२५ पासून तयार होणाऱ्या मध्यम व अवजड मालमोटारींत चालकाची केबिन वातानुकूलित असणे सक्तीचे झाले आहे, ही समाधानाची गोष्ट होय. जुन्या गाडीतील ड्रायव्हरला मात्र आणखी कित्येक उन्हाळे इंजिनाशेजारीच काढावे लागतील. ‘ज्याचा माल त्याचा हमाल’ ही वाहतूकदारांची जुनी मागणीही ठिकठिकाणी कागदावरच आहे. वाराई गाडीवाल्याच्याच खिशातून जाते.

समारोप

गेल्या दिवाळीच्या आधी आप्पांनी दुसरी गाडी घेण्याचे मनात आणले होते. आगाऊ रकमेसाठी आईचे दागिने आणि धाकट्या भावाच्या शिक्षणासाठी ठेवलेले पैसे काढावे लागणार होते. मी हा सारा हिशेब एका कागदावर मांडून त्यांच्यापुढे ठेवला. दुसऱ्या गाडीवर पगारी ड्रायव्हर ठेवावा लागेल, म्हणजे आज लपलेले १८,००० रुपये उघड्यावर येतील, हे मी त्यांना दाखवले. त्यांनी कागद दोनदा वाचला आणि म्हणाले, “पोरी, हे मला ठावं हाय. चालती गाडी माणसाला खायला घालते, उभी गाडी माणसाला खाते. पर एका गाडीवाल्याला कायमचं काम कुणी देत न्हाई. दोन असल्या की हुंडेकरी स्वतःहून फोन करतो.”

माझ्या हिशेबात हे कोठेच नव्हते. वहीत खर्च लिहिता येतो. पत लिहिता येत नाही.

शेवटी दुसरी गाडी या वर्षी घ्यायची नाही असे ठरले. त्याऐवजी आप्पा आणि फाट्यावरचे त्यांचे दोन सोबती यांनी काम एकत्र धरायचे आणि परतीच्या मालाची खबर एकमेकांना द्यायची असे ठरवले आहे. तीन गाड्या मिळून हुंडेकऱ्याशी बोलता येते. हा प्रयोग किती टिकेल ते काळच ठरवील. सहकाराची भाषा आपल्या महाराष्ट्राला नवी नाही. साखर आणि दूध यांत ती रुजली, मग मालमोटारीच्या नाक्यावर ती का रुजू नये, असा प्रश्न मी आपल्या अर्थशास्त्र मंडळापुढे ठेवते. आपल्यापैकी काहींनी नाक्यावर जाऊन आणखी दहा-वीस गाड्यांच्या वह्या तपासल्या, तर माझ्या एका गाडीच्या अभ्यासातील चुका कळतील आणि नाक्यावरच्या माणसांना आपल्या पदवीचा काही उपयोगही होईल.

आप्पांच्या वहीत आता एक नवी ओळ आली आहे. दर महिन्याच्या खर्चाच्या बाजूला ते ‘ड्रायव्हर पगार १८,०००’ असे लिहितात. तो पगार त्यांच्या हाती पुरता पडत नाही. पण तो त्यांचा आहे, एवढे तरी वहीला कळले.