खाणीचा परवाना नाकारला, आता हायकोर्ट?

प्रश्न : मुलुंडला आमची वडिलोपार्जित दगडखाण आहे. जिल्हाधिकाऱ्यांनी परवाना नाकारला. ‘धोरणात बसत नाही’ एवढंच कारण दिलंय. हायकोर्ट परवाना देईल का?

उत्तर : बहुधा नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली न्यायालय निर्णय कसा घेतला ते तपासतं, स्वतः जिल्हाधिकारी होत नाही. महसुली अपील शिल्लक असेल तर आधी तिकडेच पाठवतं. मात्र एका ओळीचा नकार तुमच्या पथ्यावर पडेल. आदेशात नसलेली कारणं नंतर प्रतिज्ञापत्रातून घुसडता येत नाहीत, हे मोहिंदरसिंग गिल खटल्यापासून पक्कं आहे. आदेश रद्द होऊन फेरसुनावणी मिळू शकते.

पण फेरसुनावणीत टिकाल का? खरी मेख तिथेच आहे. मिळकतीवर ‘खासगी वन’ असा शेरा आहे का, बघा; असेल तर खाणीला तोच अडसर ठरतो. गोदरेज प्रकरणात (२०१४) सर्वोच्च न्यायालयाने मुंबईतल्या अशा जमिनींबाबत सांगितलं, की जमीन ‘खासगी वन’ ठरवायला पन्नाशीच्या दशकातली न बजावलेली नोटीस पुरेशी नाही. शेरा तेवढ्यावरच उभा असेल, तर आधी तो लढवा. जमीन शेजारच्या राष्ट्रीय उद्यानाच्या पर्यावरण-संवेदनशील क्षेत्रात असेल, तर मात्र तिथे खाणकामाला बंदीच आहे; वकिलाची फी वाचवा. बाहेर असली, तरी दीपक कुमार निकालापासून (२०१२) पाच हेक्टरांखालच्या खाणीलाही पर्यावरण मंजुरी लागते.