सादड्याखाली अर्धा तास

दरवर्षी मे संपता संपता मी काजवे बघायला भंडारदऱ्याला जातो. सुरुवातीच्या खेपांना मोबाईल हातात असायचा, आता सॅकच्या तळाशी असतो. मधल्या काळात जे उमगलं ते असं :

१. डोळा काळोखाला सरावायला २० ते ३० मिनिटं घेतो. सादड्याच्या झाडाखाली बसलं की आधी विखुरलेले चार-दोन ठिपके दिसतात. मग हळूहळू खोड दिसू लागतं, फांद्या सुट्या होतात. आणि एका क्षणी कळतं की अख्खी फांदी एका लयीत उजळतेय, विझतेय. ती लय मला तिसऱ्या वर्षी दिसली. त्याआधी दर पाच मिनिटांनी ‘किती वाजले’ बघत होतो. एकदा स्क्रीन पेटली, की समोर काळी भिंत. पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

२. माझ्याकडे काजव्यांचे बरेच व्हिडिओ आहेत. सगळ्यांत काळोख आणि माझाच आवाज, “अरे, ते बघ!” छापून येतात ते फोटो तिवईवर कॅमेरा लावून, बराच वेळ शटर उघडं ठेवून काढलेले असतात. हातातल्या मोबाईलचं ते काम नव्हे.

३. फ्लॅश नकोच. ते लुकलुकणं म्हणजे नर-मादीचं बोलणं. दुसऱ्याच्या सोयरिकीच्या बैठकीत आपण हॅलोजन लावतो का?

४. पक्ष्याचा आवाज ओळखणारं ‘मर्लिन’ ॲप मी वापरतो, त्याला नावं ठेवणार नाही. पण पहाटे ओढ्याकाठी शीळकरी कस्तूर गात होता, एखादं पोर उगाच शीळ घालत चालल्यासारखा. स्क्रीनवर नाव उमटलं आणि माझं ऐकणंच थांबलं! काम झालं ना! हल्ली आधी पुरतं ऐकतो, वहीत टिपतो. ॲप मुक्कामी आल्यावर.

५. मोबाईल एअरप्लेन मोडवर टाकून भागत नाही. खिशात असला की हात जातोच. माझा जातो, तुमचं तुम्ही बघा.

हंगाम जेमतेम दोन-तीन आठवड्यांचा; पाऊस जोरात लागला की संपला. जाणार असाल तर अमावास्येच्या आसपासची रात्र धरा, टॉर्चला लाल जिलेटिन कागद बांधा आणि निघण्याआधी घरच्यांना सांगून ठेवा, की रात्री फोन लागणार नाही.