हप्ता किती, यापेक्षा हप्ते किती?

आमच्या नेरुळच्या सोसायटीत भाड्याने राहणारे एक तरुण जोडपे परवा रात्री बँकेचे मंजुरीपत्र घेऊन घरी आले. कोपरखैरण्यात ८० लाखांचा वन बीएचके ठरला होता आणि ६० लाखांचे कर्ज मंजूर झाले होते. बँकेच्या माणसाने हप्त्याच्या आकड्याभोवती पेनाने गोल केला होता: ४६,१३५ रुपये. "काका, ओढाताण होईल, पण जमेल," मुलगा म्हणाला. "आत्ताही भाड्याचे पंचवीस हजार जातातच की." त्या गोलाच्या दोन ओळी वर मुदत छापली होती, ३६० महिने. तिच्याभोवती गोल नव्हता. मी दोन आकड्यांचा गुणाकार करून त्यांच्यापुढे ठेवला: १ कोटी ६६ लाख. म्हणजे ६० लाखांवर १ कोटी ६ लाख नुसते व्याज. मुलीने गुणाकार स्वतः पुन्हा करून पाहिला.

त्या रात्री आम्ही जो हिशेब मांडला, तोच इथे देतो आहे. व्याजदर मोजणीसाठी ८.५ टक्के धरला आहे. तुमच्या पत्रावरचा दर वेगळा असेल, पण हिशेबाची रीत तीच.

परतफेडीच्या तक्त्याची पहिली ओळ

बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्या. ६० लाख, ८.५ टक्के, २० वर्षे या कर्जाचा हप्ता ५२,०६९ रुपये येतो. तक्त्याची पहिली ओळ अशी असते: व्याज ४२,५००, मुद्दल ९,५६९. दुसऱ्या महिन्यात व्याज ४२,४३२ आणि मुद्दल ९,६३७. हप्ता तोच, पण मुद्दलाचा वाटा ६८ रुपयांनी वाढला. कर्ज फिटते ते या गतीने.

यात फसवणूक काही नाही. व्याज शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला मुद्दलच मोठे असते. परिणाम मात्र नीट समजून घ्या. पाच वर्षांत तुम्ही ३१ लाख २४ हजार भरता, त्यातले मुद्दलात जातात ७ लाख १२ हजार. दहा वर्षे झाली, निम्मे हप्ते भरून झाले, तरी ४२ लाख शिल्लक असतात. कर्ज निम्म्यावर यायला १३ वर्षे १० महिने लागतात. पाच-सात वर्षांत घर विकून मोठे घ्यायचा विचार असेल, तर विक्रीच्या किमतीतून बँकेला किती द्यावे लागेल ते या तक्त्यात आधीच पाहून ठेवा.

मुदत हीच खरी किंमत

६० लाखांच्या याच कर्जाचे चार पर्याय:

१५ वर्षे: हप्ता ५९,०८४, एकूण व्याज ४६.३५ लाख
२० वर्षे: हप्ता ५२,०६९, एकूण व्याज ६४.९७ लाख
२५ वर्षे: हप्ता ४८,३१४, एकूण व्याज ८४.९४ लाख
३० वर्षे: हप्ता ४६,१३५, एकूण व्याज १०६.०९ लाख

वीसवरून तीस वर्षांवर गेलात तर हप्ता ५,९३४ रुपयांनी हलका होतो आणि व्याज ४१ लाखांनी वाढते. उलट, वीसवरून पंधरावर आलात तर महिन्याला ७,०१५ रुपये जास्त जातात आणि साडेअठरा लाखांहून अधिक वाचतात. दरातल्या पाव-अर्ध्या टक्क्यासाठी आपण चार बँका पालथ्या घालतो, आणि घालाव्यातच: याच कर्जावर अर्धा टक्का म्हणजे २० वर्षांत साडेचार लाख. पण मुदतीच्या रकान्यात आपण एका क्षणात जे लिहून टाकतो, त्याचे मोल त्याच्या कितीतरी पट असते.

लांब मुदत नेहमीच चूक असते असे नाही. वीस वर्षांनंतरचे ५२ हजार आजच्याइतके जड नसतील, आणि नोकरीची खात्री नसताना हप्ता ताणून धरणे धोक्याचे आहे. मधला मार्ग असा: झेपेल ती मुदत घ्या, पण पगारवाढ आणि बोनस आला की मुद्दलात भर टाका.

व्याजदर हलतो तेव्हा

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या मानकाला जोडलेली असतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर नव्याने ठरतो. मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये तो ६.५० झाला. २०२१ मध्ये ६.७५ टक्क्यांनी घेतलेल्या ६० लाखांचा वीस वर्षांसाठीचा हप्ता ४५,६२२ रुपये होता. त्यावर अडीच टक्के चढले, तर ९.२५ टक्क्यांनी ६० लाखांचे महिन्याचे नुसते व्याजच ४६,२५० होते. हप्त्यात व्याजसुद्धा मावत नाही. त्या काळात अनेकांचा हप्ता तोच राहिला, पण मुदत मागच्या दाराने वाढत गेली.

म्हणून १८ ऑगस्ट २०२३ चे रिझर्व्ह बँकेचे परिपत्रक लक्षात ठेवा. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे. आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारे विवरण दर तिमाहीला मिळाले पाहिजे. ते आले की 'उरलेले हप्ते' हा आकडा आधी पाहा. तीन महिन्यांत तो तीनने कमी झाला नसेल, तर बँकेत जाऊन विचारा.

२०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.२५ वर आला. तुमचा दर तेवढा उतरला का, हेही तपासा. एमसीएलआर किंवा बेस रेट या बँकेच्या स्वतःच्या दरांवरची जुनी कर्जे सावकाश उतरतात. गृहवित्त कंपन्यांना तर रेपोशी दर जोडण्याचे बंधनच नाही. ठरावीक शुल्क भरून त्याच बँकेत दर बदलून मिळतो का, ते आधी विचारा. कर्ज दुसऱ्या बँकेकडे न्यायचे तर प्रक्रिया शुल्क आणि गहाणाचे मुद्रांक शुल्क पुन्हा भरावे लागते. ते वजा करून बचत मोजा. दर उतरल्यावर हप्ता कमी करून घेण्याऐवजी तो तसाच ठेवा आणि मुदत घटवा.

कर्जात न मावणारा खर्च

३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या ८० टक्क्यांपर्यंत देऊ शकते, त्यावर गेल्यास ७५ टक्के. या किमतीत मुद्रांक शुल्क आणि नोंदणी धरली जात नाही. ती रोकड आपली. ८० लाखांच्या घराला ही यादी:

स्वतःचा वाटा: २० लाख
मुद्रांक शुल्क, नवी मुंबई महापालिका हद्दीत ७ टक्के: ५ लाख ६० हजार
नोंदणी शुल्क: ३० हजार
गहाणाच्या दस्ताचे मुद्रांक शुल्क, कर्जाच्या ०.३ टक्के धरून: १८ हजार
दलाली, एक टक्का धरून: ८० हजार

बेरीज २६ लाख ८८ हजार. बँकेचे प्रक्रिया शुल्क आणि त्यावरचा १८ टक्के जीएसटी, वकिलाची तपासणी, सोसायटीचे हस्तांतर अधिमूल्य (महापालिका हद्दीत कमाल २५ हजार) आणि सिडकोचे शुल्क वेगळे. मुद्रांक शुल्क करारातली किंमत आणि रेडीरेकनरची, म्हणजे सरकारी दरतक्त्याची, किंमत यांपैकी जी जास्त, तिच्यावर लागते. घर फक्त बाईच्या नावावर असेल तर एक टक्का सूट आहे, इथे ती ८० हजार होते. नवरा-बायकोचे संयुक्त नाव असल्यास ती मिळत नाही. किंमत ५० लाख किंवा जास्त असेल तर विकणाऱ्याला पैसे देताना एक टक्का टीडीएस कापून भरायला विसरू नका.

आता मोठी बेरीज: हे २६ लाख ८८ हजार आणि २० वर्षांचे हप्ते १ कोटी २४ लाख ९७ हजार. ८० लाखांचे घर १ कोटी ५२ लाखांच्या घरात गेले. शिवाय महिना ४,००० देखभाल धरली, तर ती न वाढताही २० वर्षांत ९ लाख ६० हजार. मालमत्ता कर निराळाच.

जमीन सिडकोची आहे, हे विसरू नका

१९७० मध्ये स्थापन झालेल्या सिडकोने नवी मुंबईतल्या जमिनी विकल्या नाहीत, साधारण ६० वर्षांच्या भाडेपट्ट्याने दिल्या. त्यामुळे इथे जुने घर घेताना सिडकोचे हस्तांतर शुल्क आणि घर गहाण ठेवायला सिडकोचा ना हरकत दाखला, या दोन गोष्टी हिशेबात येतात. हे शुल्क कोण भरणार, ते टोकन देण्याआधी लिहून घ्या. भाडेपट्टा कधी सुरू झाला आणि किती वर्षे उरली, तेही पाहा.

वाशी-नेरुळच्या जुन्या इमारतींसाठी आणखी एक प्रश्न विचारा: इमारतीचे वय पाहता बँक किती वर्षांचे कर्ज देईल? इमारत जुनी असेल तर बँक मुदत कमी करते, आणि हप्ता अचानक वर जातो. गावठाणालगतच्या, भोगवटा प्रमाणपत्र नसलेल्या इमारतीत घर स्वस्त दिसते, पण तिथे मोठ्या बँका सहसा कर्ज देत नाहीत. बँक का नाही म्हणते, याचे उत्तर मिळाल्याशिवाय जास्त दराने कर्ज देणारा शोधू नका.

बांधकाम सुरू असेल तर

उलवे, तळोजा, पनवेल या पट्ट्यात अनेक जण बांधकाम सुरू असलेले घर घेतात. तिथे घराच्या किमतीवर ५ टक्के जीएसटी लागतो, परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसल्यास १ टक्का. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या घराला तो नाही. मुद्रांक शुल्काचा दर जागेनुसार बदलतो, तो नोंदणी विभागाच्या संकेतस्थळावर पाहा.

खरा खड्डा प्री-ईएमआयचा असतो. बिल्डरला टप्प्याटप्प्याने दिलेल्या रकमेवर तुम्ही नुसते व्याज भरत राहता, मुद्दल एक रुपयाने हलत नाही. ४० लाख दिले गेले असतील तर महिन्याला २८,३३३ रुपये, तीन वर्षांत १० लाख २० हजार, आणि वर राहत्या घराचे भाडे. शक्य असेल तर पूर्ण हप्ता पहिल्यापासून सुरू करा. प्रकल्पाचा महारेरा क्रमांक टाकून पूर्ततेची तारीख पाहा. करारातली ताब्याची तारीख उलटली तर रेरा कायद्याच्या कलम १८ प्रमाणे उशिराच्या प्रत्येक महिन्याचे व्याज मागता येते.

मंजुरीपत्रातला विमा

बरेचदा एकरकमी विम्याचा हप्ता कर्जातच घातलेला असतो. २ लाखांचा हप्ता ८.५ टक्क्यांनी २० वर्षे फेडताना ४ लाख १७ हजारांचा होतो. कर्जाला पुरेसा मुदत विमा असावा, याबद्दल माझे ठाम मत आहे. घरचा कमावता माणूस गेला तर छप्पर जाता कामा नये. पण तो स्वतंत्र घ्या, दरवर्षी भरा. बँक सांगेल त्याच कंपनीकडून घेण्याची सक्ती नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जाबरोबर मुख्य तथ्यांचे पत्रक द्यावे लागते. सगळे आकार धरून पडणारा वार्षिक दर त्यात असतो. दोन बँकांची तुलना त्या आकड्यावर करा.

आधी फेडण्याची ताकद

व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. समजा, तिसऱ्या वर्षाच्या शेवटी तुम्ही ३ लाख भरले. हप्ता तोच ठेवलात, तर २२ हप्ते कमी होतात आणि सुमारे ८ लाख ७० हजार व्याज वाचते. तेच ३ लाख भरून हप्ता कमी करून घेतलात, तर हप्ता २,७८५ रुपयांनी उतरतो आणि वाचतात जेमतेम २ लाख ६८ हजार. म्हणून पैसे भरताना 'मुदत कमी करा' असे अर्जात स्पष्ट लिहा आणि पोच घ्या. त्याआधी सहा हप्त्यांइतकी रक्कम मात्र बाजूला हवी. आजारपणात बँकेत भरलेले पैसे परत मिळत नाहीत.

करसवलतीच्या आशेने कर्ज लांबवू नका. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाही. जुन्या प्रणालीत ती वर्षाला २ लाखांपर्यंत आहे, आणि आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज पाच लाखांच्या वर जाते.

शेवटचा हप्ता भरल्यावर

कर्ज फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. म्हणून आज कागद देताना कोणता दस्त, किती पाने, कोणत्या तारखेला दिला, याची सही-शिक्क्याची यादी घ्या आणि घरी जपून ठेवा. कर्ज संपल्यावर बेबाकी दाखला घेऊन सोसायटीच्या नोंदीतला बँकेचा बोजा काढून टाका.

त्या जोडप्याने दुसऱ्या दिवशी बँकेला मुदत २४० महिने करायला सांगितली. वाढीव ५,९३४ रुपये कुठून काढायचे, याची यादी त्यांनी मंजुरीपत्राच्या पाठीवर लिहिली आहे. तिच्यात पहिले नाव आहे गाडीच्या कर्जाचे. ते आता घ्यायचे नाही, असे दोघांनी ठरवले.