चित्रपटातील प्रदेश : 'चेम्मीन' आणि खान्देशची बोली

प्रादेशिक चित्रपटात प्रदेश केवळ पार्श्वभूमी असतो की कथेचे चलनसूत्र, हा प्रश्न मूलभूत आहे. रामू करिआट यांच्या 'चेम्मीन' (१९६५) या मल्याळम् चित्रपटात कथेला गती मिळते ती केरळच्या मच्छीमारांच्या श्रद्धेतून : समुद्रावर गेलेल्या पतीचे रक्षण पत्नीचे पातिव्रत्य करते, या समजुतीतूनच शोकांतिका घडते. जळगावजवळील असोद्याच्या बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांची कविता अनंत माने यांच्या 'मानिनी' (१९६१) या चित्रपटात गीतरूपाने आली आणि तिच्यातील खान्देशी बोली घरोघरी पोचली. तथापि गीत कथेबाहेरही जगते. संवाद मात्र पात्राचे समाजातील स्थान निश्चित करतो. म्हणून जळगाव-धुळ्याचे लोकजीवन पडद्यावर खऱ्या अर्थाने उमटावयाचे, तर लेवा गणबोली व अहिराणी यांना गीतापलीकडे, संवादात आणि कथेच्या संघर्षात स्थान मिळावयास हवे.