पाठ १४ : ‘फ्लू आहे’ की ‘फ्लू असावा’?

पातळी : प्रगत वाचन
विषय : आजाराचं नाव, त्याचा कोड आणि क्रियापदाचं काम

वाचण्याआधी

पुढची चार वाक्यं मोठ्याने वाचा.

१. त्यांना फ्लू आहे.
२. त्यांना फ्लू असावा.
३. त्यांना फ्लू असेल.
४. त्यांना फ्लूच आहे ना?

चारही वाक्यांत आजार एकच आहे, पण बोलणाऱ्याची खात्री प्रत्येक वाक्यात वेगळी आहे. कोणत्या वाक्यात ती सगळ्यात जास्त वाटते? उत्तर वहीत लिहून ठेवा आणि मग पाठ वाचा.

भाग १ : आजाराला नंबर कशासाठी?

घरी कुणी आजारी पडलं की आपण म्हणतो, ‘अंग मोडून आलंय’, ‘छाती भरली आहे’, ‘धाप लागते आहे’. घरातल्यांना तेवढ्यावरून सगळं कळतं. हॉस्पिटलात मात्र रोज शेकडो पेशंट येतात आणि प्रत्येक डॉक्टरची लिहिण्याची पद्धत वेगळी असते. एक जण ‘फ्लू’ लिहितो, दुसरा ‘इन्फ्लुएन्झा ए’ लिहितो. कॉम्प्युटरला हे दोन वेगळे शब्द दिसतात. मग या वर्षी फ्लूचे पेशंट किती झाले, हे मोजायचं कसं?

त्यासाठी प्रत्येक आजाराला एक ठरलेला कोड दिलेला असतो. या कोडांच्या यादीला आयसीडी म्हणतात, म्हणजे आजारांचं आंतरराष्ट्रीय वर्गीकरण. लोक कशाने मरतात हे नीट मोजता यावं, म्हणून या कामाची सुरुवात झाली. लंडनमध्ये विल्यम फार यांनी १८३० च्या दशकाच्या शेवटी मृत्यूच्या कारणांची पद्धतशीर मांडणी सुरू केली. १८९३ मध्ये फ्रान्सच्या जाक बर्तियों यांनी अनेक देशांना वापरता येईल अशी यादी मांडली. १९४८ पासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आहे.

अमेरिकेत या यादीची अधिक तपशील असलेली आवृत्ती वापरतात. तिचं नाव आयसीडी-१०-सीएम. ती १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झाली आणि तिच्यात दरवर्षी बदल होतात. डॉक्टरांनी लिहिलेलं वाचून त्यातून योग्य कोड निवडणाऱ्या माणसाला मेडिकल कोडर म्हणतात.

भाग २ : एक कोड उलगडून पाहू

हा कोड पाहा : जे१०.०१

‘जे’ हे अक्षर श्वसनाच्या आजारांचं. ‘जे१०’ म्हणजे ओळख पटलेल्या विषाणूमुळे झालेला फ्लू. टिंबानंतरचं ‘०’ सांगतं की सोबत न्यूमोनिया आहे. शेवटचा ‘१’ सांगतो की न्यूमोनियासुद्धा त्याच विषाणूने झाला आहे. पत्ता लिहिताना आपण देश, शहर, गल्ली, घर असं आत आत जातो ना, तसंच हे आहे.

फ्लूची तीन घरं आहेत.

• जे०९ : प्राण्यांकडून आलेल्या नव्या प्रकारचा, ओळख पटलेला इन्फ्लुएन्झा ए. उदाहरणार्थ, एच५एन१ हा बर्ड फ्लू. सोबत न्यूमोनिया असेल तर जे०९.एक्स१. इथे ‘एक्स’ फक्त रिकामी जागा भरतो, त्याला स्वतःचा अर्थ नाही.
• जे१० : ओळख पटलेला इतर फ्लू. दर हिवाळ्यात येणारा नेहमीचा फ्लू इथे येतो.
• जे११ : विषाणूची ओळख पटलेली नाही असा फ्लू.

ब्रिटनमध्ये जागतिक आरोग्य संघटनेची मूळ यादी वापरतात. तिथे न्यूमोनियासह फ्लूसाठी ‘जे१०.०’ एवढंच लिहितात. पुढचा आकडा अमेरिकेने जोडलेला आहे.

भाग ३ : फ्लूनंतर न्यूमोनिया कसा होतो?

न्यूमोनिया म्हणजे फुप्फुसांत झालेला संसर्ग. फुप्फुसांतल्या बारीक पिशव्यांमध्ये हवेऐवजी पाणी किंवा पू साठतो आणि श्वास घेणं जड जातं.

फ्लूमध्ये हे दोन वाटांनी होऊ शकतं. कधी फ्लूचा विषाणू स्वतःच खाली फुप्फुसांपर्यंत उतरतो. कधी विषाणू श्वासनलिकेचं आतलं अस्तर खराब करतो आणि त्या संधीचा फायदा जिवाणू घेतात. दार विषाणूने उघडलं आणि घरात शिरला जिवाणू, असं म्हणा. १९१८ च्या महासाथीत दगावलेल्या असंख्य लोकांना असा मागून आलेला, जिवाणूंचा न्यूमोनिया झाला होता.

हा फरक महत्त्वाचा आहे, कारण जिवाणूंवर अँटिबायोटिक चालतं, विषाणूंवर चालत नाही. म्हणून कोडमध्येही दोन्ही वाटा वेगळ्या ठेवल्या आहेत.

भाग ४ : पाच पेशंट

हे पाचही पेशंट काल्पनिक आहेत. डॉक्टरांचं वाक्य नीट वाचा.

पहिला पेशंट. एक आजोबा हॉस्पिटलात दाखल आहेत. डॉक्टर लिहितात : ‘इन्फ्लुएन्झा ए आहे. सोबत न्यूमोनिया आहे.’ न्यूमोनिया कोणत्या प्रकारचा, हे लिहिलेलं नाही. कोड : जे१०.००.

दुसरा पेशंट. ‘इन्फ्लुएन्झा ए आहे आणि त्याच विषाणूमुळे न्यूमोनिया झाला आहे.’ एका ‘मुळे’ने शेवटचा आकडा बदलला. कोड : जे१०.०१.

तिसरा पेशंट. ‘इन्फ्लुएन्झा ए आहे. न्यूमोनिया न्यूमोकोकस या जिवाणूमुळे झाला आहे.’ इथे दोन कोड लागतात : आधी जे१०.०८, मग त्या जिवाणूच्या न्यूमोनियाचा जे१३. हा क्रम उलटा करता येत नाही, फ्लूचा कोड आधीच लिहायचा असा नियम आहे.

चौथा पेशंट. हॉस्पिटलात दाखल असलेल्या एका शेतमजुराबद्दल डॉक्टर लिहितात : ‘बर्ड फ्लू असावा. न्यूमोनिया आहे.’ एरवी अमेरिकेत हॉस्पिटलात दाखल असलेल्या पेशंटच्या कागदावर घरी जातानाही ‘असावा’ लिहिलेलं असेल, तर तो आजार आहे असं धरून कोड देतात. फ्लूच्या बाबतीत मात्र खास अपवाद केला आहे. जे०९ आणि जे१० हे कोड फक्त निश्चित निदानालाच द्यायचे. म्हणून इथे जे११.००.

पाचवा पेशंट. एक मुलगी दवाखान्यात येऊन, औषध घेऊन घरी गेली. डॉक्टरांनी लिहिलं : ‘ताप आणि खोकला. फ्लू असावा.’ बाहेरून येऊन जाणाऱ्या पेशंटसाठी शंकेला कोड देत नाहीत. जे नक्की दिसतंय तेच लिहायचं. म्हणून इथे ताप आणि खोकला यांचेच कोड दिले जातात.

आता एक प्रश्न तुमच्या मनात आला असेल. ‘निश्चित’ कोण ठरवतं? लॅब? नाही. लॅबचा रिपोर्ट पॉझिटिव्ह आहे, पण डॉक्टरांनी निदान लिहिलेलं नाही, तर फक्त रिपोर्ट पाहून कोडरने निदान ठरवायचं नाही. उलट डॉक्टरांनी ‘इन्फ्लुएन्झा ए आहे’ असं स्पष्ट लिहिलं असेल, तर लॅबचा कागद सोबत नसला तरी चालतं. शेवटी कोडर वाचतो ते डॉक्टरांचं वाक्य.

भाग ५ : ‘ना’ लावायचा नाही!

समजा, डॉक्टरांनी न्यूमोनिया लिहिला, पण तो कशामुळे झाला ते लिहिलं नाही. कागदांत मात्र जिवाणू सापडल्याचा रिपोर्ट आहे. कोडरला अंदाज बांधायची परवानगी नाही. तो डॉक्टरांना लेखी प्रश्न विचारतो. त्याला क्वेरी म्हणतात.

हे दोन प्रश्न पाहा.

(अ) ‘हा न्यूमोनिया जिवाणूचाच आहे ना?’
(आ) ‘कफाच्या तपासणीचा रिपोर्ट सोबत आहे. न्यूमोनिया कशामुळे झाला, हे कृपया लिहाल का?’

पहिला प्रश्न चालत नाही. मराठीत ‘ना’ लावला की उत्तर आपण आधीच दिलेलं असतं. समोरच्याने फक्त मान डोलवायची! दुसरा प्रश्न उत्तर डॉक्टरांवर सोडतो. पर्याय द्यायचेच असतील, तर त्यांत ‘इतर कारण’ आणि ‘सांगता येत नाही’ हेही ठेवावे लागतात.

एवढी काळजी कशाला? कारण या एका ओळीवर बरंच काही अवलंबून असतं. अमेरिकेत हॉस्पिटलला मिळणारे पैसे कोडवर ठरतात. जास्त गंभीर कोड खोटा लावला तर ती फसवणूक होते. कोड पेशंटच्या नोंदीत राहतो आणि पुढचा डॉक्टर तो वाचतो. आणि हजारो कोड एकत्र करून साथ कुठे, किती पसरली याचा अंदाज घेतात. ‘असावा’ म्हटलेल्या प्रत्येक पेशंटला बर्ड फ्लूच्या घरात टाकलं, तर न आलेली साथ आल्यासारखी दिसेल.

भाग ६ : संशयित आणि बाधित

२००९ मध्ये स्वाइन फ्लूची जागतिक साथ आली. भारतातला या साथीचा पहिला मृत्यू त्या वर्षी ऑगस्टमध्ये पुण्यात नोंदला गेला. पुण्यातल्याच राष्ट्रीय विषाणू संस्थेत नमुने तपासले जात होते. त्या दिवसांत मराठी वर्तमानपत्रांत दोन शब्द रोज दिसत : ‘संशयित रुग्ण’ आणि ‘बाधित रुग्ण’. तपासणीचा निकाल येईपर्यंत माणूस संशयित, संसर्ग नक्की झाल्यावर बाधित. कोडरसुद्धा हाच फरक करतो.

२००९ चा तो विषाणू तेव्हा नवा होता. आता तो हंगामी फ्लू होऊन फिरतो. म्हणून आज त्याचा कोड जे०९ मध्ये नाही, जे१० मध्ये आहे.

शब्दार्थ

• निदान – कोणता आजार आहे हे ठरवणं. (‘निदान एक फोन तरी कर!’ इथे ‘निदान’ म्हणजे ‘कमीत कमी’.)
• वर्गीकरण – प्रकारांनुसार गट पाडणं
• संसर्ग – रोगजंतूंची लागण
• दगावणे – आजाराने मरण पावणे
• संशयित – ज्याच्याबद्दल शंका आहे असा
• बाधित – ज्याला लागण झाली आहे असा
• अपवाद – नियमाला न बसणारी गोष्ट

व्याकरण : खात्रीची पायरी

आहे – नक्की माहीत आहे.
असणार – माझी जवळजवळ खात्री आहे.
असावा / असावी / असावं – खुणांवरून तसं वाटतं.
असेल – शक्य आहे.

स्वाध्याय

१. जे१०.०१ आणि जे१०.०८ यांत काय फरक आहे? दोन वाक्यांत सांगा.
२. चौथ्या पेशंटला जे०९.एक्स१ हा कोड का दिला नाही?
३. डॉक्टर लिहितात : ‘फ्लू आहे, विषाणूचा प्रकार माहीत नाही. सोबत न्यूमोनिया आहे.’ कोणता कोड द्याल? कारण लिहा.
४. पुढच्या प्रश्नांतला ‘ना’ काढून ते पुन्हा लिहा, म्हणजे उत्तर समोरच्यावर सोडलं जाईल : (अ) तुला बरं वाटतंय ना? (आ) काल रात्री ताप आला होता ना?
५. घरी बोला : आई-बाबांना किंवा आजी-आजोबांना विचारा, लहानपणी ते आजारी पडले की घरी कोणते शब्द वापरायचे? असे पाच शब्द लिहून आणा. कोणता शब्द लक्षण सांगतो आणि कोणता आजाराचं नाव, हे समोर लिहा.

पडताळा : प्रश्न ३ चं उत्तर जे११.००. विषाणूची ओळख पटलेली नाही आणि न्यूमोनियाचा प्रकारही दिलेला नाही.