कामगार चळवळ आणि देशाचं राजकारण : खानदेशातून पाहताना



मार्च २०२३ मध्ये जुन्या पेन्शनसाठी राज्यातले सरकारी कर्मचारी आणि शिक्षक १४ ते २० तारखेपर्यंत संपावर होते. मी स्वतः २००५ नंतर लागलेला, म्हणून मीही त्यात होतो. संप मिटल्यावर शाळेत आलो तर चौथीतला एक मुलगा उभा राहिला आणि म्हणाला, "सर, तुम्ही संपावर होते ना? मग माझे पप्पा पण संप करू शकता का?"

त्याचे वडील जिनिंगमध्ये रोजंदारीवर आहेत. हंगामात सरकी-कापसाचं काम, हंगाम संपला की मिळेल ते. मी त्याला "हो, करू शकतात" एवढंच म्हणालो आणि फळ्याकडे वळलो. पण ते उत्तर अर्धवट होतं, हे मला कळत होतं. पुढे पालकसभेला त्याच्या आईला हे सांगितलं तर ती हसून म्हणाली, "आमनं कोन आयकस गुरुजी?"

आजचा पाठ या दोन प्रश्नांसाठी. कामगारांचं कोणी ऐकू लागलं ते कसं? आणि देशाच्या राजकारणाशी त्याचा काय संबंध? चला तर मग, सुरुवातीपासून पाहू.

१) सुरुवात : सुट्टीचा रविवार कोणी मिळवला?

आपल्याला रविवारची सुट्टी जणू निसर्गानेच दिली आहे असं वाटतं. तसं नाही. मुंबईच्या गिरण्यांत तेव्हा दिवस उगवल्यापासून मावळेपर्यंत काम चाले. आठवड्याची ठरलेली सुट्टी नव्हती आणि पगार वेळेवर मिळेल याची खात्री नव्हती. महात्मा फुले यांचे सहकारी आणि 'दीनबंधु' पत्राचे संपादक नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ मध्ये गिरणी कामगारांची सभा घेतली आणि 'बॉम्बे मिल हँड्स असोसिएशन' ही संघटना उभी केली. सुमारे साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचं निवेदन सरकारपुढे गेलं. मागण्या साध्या होत्या. आठवड्यातून एक दिवस सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, महिन्याच्या १५ तारखेपर्यंत पगार आणि कामावर इजा झाली तर भरपाई.

१० जून १८९० रोजी गिरणी मालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. म्हणजे निवेदनापासून जवळजवळ सहा वर्षं लागली. मुलांना हे जरूर सांगा. हक्क मिळायला वेळ लागतो आणि मागणारा टिकून राहावा लागतो.

२) कामगार राजकारणात उतरला : १९०८

पहिली पंचवीस वर्षं मागण्या पगार-सुट्टीच्या होत्या. १९०८ मध्ये वेगळं घडलं. लोकमान्य टिळकांना राजद्रोहाच्या खटल्यात २२ जुलैला सहा वर्षांची शिक्षा झाली. मुंबईच्या गिरणी कामगारांनी सहा वर्षांच्या शिक्षेविरुद्ध सहा दिवस काम बंद ठेवलं. लष्कर आलं, गोळीबार झाला, माणसं गेली. या संपात पगारवाढीची मागणीच नव्हती. देशाच्या प्रश्नावर कामगार एक होऊ शकतो, हे सरकारला आणि आपल्या पुढाऱ्यांनाही त्या दिवशी कळलं.

३) देशव्यापी संघटना आणि कायदा

पहिल्या महायुद्धानंतर महागाई वाढली आणि ठिकठिकाणी संप झाले. ३१ ऑक्टोबर १९२० रोजी मुंबईत अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेस, म्हणजे 'आयटक', स्थापन झाली. पहिले अध्यक्ष लाला लजपतराय होते आणि ना. म. जोशी हे तिच्या उभारणीतलं मोठं नाव. १९२६ मध्ये ट्रेड युनियन कायदा आला. त्यामुळे किमान सात कामगार एकत्र येऊन आपल्या संघटनेची नोंदणी करू शकतात, हे मान्य झालं. हा सात आकडा लक्षात ठेवा, शेवटी त्याचं काम आहे.

१९२८ मध्ये मुंबईच्या गिरण्यांत जवळजवळ सहा महिने संप चालला. त्यातून गिरणी कामगार युनियन मोठी झाली आणि श्रीपाद अमृत डांगे यांच्यासारखे कम्युनिस्ट पुढारी पुढे आले. पुढच्याच वर्षी सरकारने मीरत कटाचा खटला भरून अनेक कामगार पुढाऱ्यांना तुरुंगात टाकलं.

४) आता आपल्या खानदेशात या

खानदेशाची काळी जमीन म्हणजे कापूस. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात इंग्लंडला तिकडचा कापूस मिळेना, तेव्हा आपल्या कापसाला मोठा भाव आला. त्याच सुमारास रेल्वे आली. कापूस आणि रेल्वे जिथे भेटतात तिथे जिनिंग आणि गिरणी उभी राहते. जळगावची खानदेश मिल, अमळनेर आणि धुळ्याच्या प्रताप मिल, चाळीसगावची गिरणी यातूनच उभ्या राहिल्या. शेतात काम नसलेला माणूस भोंग्याच्या आवाजावर कामाला जाऊ लागला. शेतमजूर गिरणी कामगार झाला, पण त्याचं निम्मं कुटुंब गावाकडच्या शेतातच होतं. आपल्याकडची कामगार चळवळ शेतकऱ्यांच्या चळवळीपासून कधीच फार लांब गेली नाही, त्याचं एक कारण हे.

डिसेंबर १९३६ मध्ये फैजपूरला काँग्रेसचं अधिवेशन भरलं. खेड्यात भरलेलं हे पहिलं अधिवेशन, अध्यक्ष पंडित नेहरू. इथल्या शेतीविषयक कार्यक्रमात शेतमजुराला जगण्यापुरतं वेतन आणि शेतकरी संघटनांना मान्यता हे मुद्दे होते. म्हणजे मजुरांचा प्रश्न देशाच्या व्यासपीठावर आला तो आपल्या यावल तालुक्यात. हे आपल्या मुलांना माहीत असायला नको का?

५) साने गुरुजी : शिक्षक आणि कामगारांचा माणूस

साने गुरुजी आपल्याला 'श्यामची आई'मुळे माहीत आहेत. पण गुरुजींची ही दुसरी बाजू वर्गात फारशी सांगितली जात नाही. १९२४ ते १९३० ते अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये शिक्षक होते. पुढे सत्याग्रहासाठी नोकरी सोडली, तुरुंगात गेले. बाहेर आल्यावर १९३८ मध्ये अमळनेरहून 'काँग्रेस' नावाचं साप्ताहिक काढलं, अतिवृष्टीत पीक गेलेल्या शेतकऱ्यांचा शेतसारा माफ व्हावा म्हणून गावोगाव फिरले आणि अमळनेर-धुळ्याच्या गिरणी कामगारांतही काम केलं.

इथे थोडं थांबून विचार करा. ज्या शेठजींच्या नावाच्या शाळेत त्यांनी शिकवलं, त्याच नावाच्या गिरणीतल्या कामगारांसाठी ते उभे राहिले. मुंबईत तेव्हा सरकार त्यांच्याच पक्षाचं, म्हणजे काँग्रेसचं होतं. "आपलं सरकार आहे, आता गप्प बसा" असं गुरुजींनी कामगारांना सांगितलं नाही.

६) १९३८ चा पेच : आपलंच सरकार, आपलाच संप

१९३७ च्या निवडणुकीआधी काँग्रेसने जाहीरनाम्यात कामगारांना संघटना करण्याचा आणि संपाचा हक्क मान्य केला होता. सत्तेवर आल्यावर बाळासाहेब खेर यांच्या सरकारने १९३८ मध्ये औद्योगिक कलह विधेयक आणलं. समझोत्याची बोलणी चालू असताना केलेला संप बेकायदेशीर ठरणार होता. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या स्वतंत्र मजूर पक्षाने आणि कम्युनिस्टांनी मिळून ७ नोव्हेंबर १९३८ रोजी एक दिवसाचा संप केला. काम सोडण्याबद्दल माणसाला शिक्षा करणं म्हणजे त्याला गुलाम करणं, असा बाबासाहेबांचा मुद्दा होता. विधेयक तरीही मंजूर झालं.

सरकारची बाजूही समजून घेऊ. उद्योग बंद पडू नयेत, आधी बोलणी व्हावीत, हा त्यांचा युक्तिवाद होता. तो अगदीच चुकीचा नव्हता. पण बोलणी लांबवणं मालकाला परवडतं, मजुराच्या घरी चूल रोज पेटावी लागते. हा वाद आजही संपलेला नाही.

पुढे १९४२ ते १९४६ बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य होते. १९४६ च्या दुरुस्तीने कारखान्यातलं काम आठवड्याला ४८ तासांवर आलं.

त्याच १९४६ मध्ये अमळनेरला गिरणी कामगारांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि त्यात कामगार मारले गेले. शाहीर अण्णाभाऊ साठे यांनी 'अमळनेरचे अमर हुतात्मे' ही रचना त्यांच्यावरच केली. स्वातंत्र्य वर्षभरावर आलं होतं. ते या माणसांना पाहता आलं नाही.

७) स्वातंत्र्यानंतर : जितके पक्ष, तितक्या युनियन

- इंटक (१९४७) : काँग्रेसच्या विचाराची
- हिंद मजदूर सभा (१९४८) : समाजवादी विचाराची
- भारतीय मजदूर संघ (१९५५) : संघाच्या विचाराचा
- सिटू (१९७०) : मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षाची

याचा फायदा असा, की कामगारांचा आवाज संसदेत पोहोचला. तोटा असा, की एकाच कारखान्यात चार झेंडे लागले आणि मालकाचं काम सोपं झालं.

८) शहादा : गिरणीबाहेरचा कामगार

आता सगळ्यात महत्त्वाचा भाग. शहादा तालुका आज नंदुरबार जिल्ह्यात आहे, पण १९९८ पर्यंत तो धुळे जिल्ह्यात होता. तिथले भिल्ल आदिवासी सालदार म्हणून राबत होते. बऱ्याच जणांच्या जमिनी कर्जापायी हातच्या गेल्या होत्या. अंबरसिंग सुरतवंती हा त्यांच्यातलाच माणूस, भजनं म्हणणारा, सर्वोदयी वळणाचा. त्याने लोकांना एकत्र केलं. ३० जानेवारी १९७२ रोजी शहाद्याला भूमुक्ती मेळावा झाला आणि त्याच वर्षी श्रमिक संघटना उभी राहिली. कुमार शिराळकरांसारखे शिकलेले तरुण येऊन तिथेच राहिले. वाहरू सोनवणे यांच्यासारखे कार्यकर्ते आणि कवी त्याच मातीतून आले. गेलेल्या जमिनी परत मिळाव्यात, मजुरी वाढावी, सालदारकीच्या अटी माणुसकीच्या असाव्यात, हे त्यांचं म्हणणं. बायकांनी पुढे होऊन दारूची मडकी फोडली. दुष्काळ पडला तेव्हा रोजगार हमीच्या कामांसाठी आवाज उठला.

या लोकांकडे ना कारखाना होता, ना हजेरीपत्रक. तरी त्यांची संघटना झाली.

९) दोन मोठे संप

८ मे १९७४ रोजी जॉर्ज फर्नांडिस यांच्या नेतृत्वाखाली देशभर रेल्वे संप सुरू झाला. सुमारे १७ लाख रेल्वे कर्मचाऱ्यांचा प्रश्न होता. आपलं भुसावळ म्हणजे रेल्वेचंच गाव, त्यामुळे हा संप आपल्याला परका नाही. हजारो जणांना अटक झाली, अनेकांच्या नोकऱ्या गेल्या आणि २७ मे रोजी संप मागे घेतला गेला. पुढच्या वर्षी आणीबाणी आली.

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली मुंबईच्या सुमारे अडीच लाख गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. १९४६ च्या कायद्याप्रमाणे मान्यता दुसऱ्याच युनियनला होती, म्हणून कामगारांना हवा असलेला पुढारी बोलणी करू शकत नव्हता. संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. १९८४ मध्ये सामंत खासदार झाले, पण बहुतेक कामगारांना गिरणी परत मिळाली नाही. आपल्या खानदेशातली धुरांडीही नंतर एकेक करून थंड झाली.

१०) आज कुठे आहोत?

देशातल्या दहापैकी साधारण नऊ कामगार असंघटित आहेत. जिनिंगचा मजूर, केळीच्या गाड्या भरणारा, वीटभट्टीवरचा, ऊसतोडीला जाणारा, हे सगळे त्यात आले. २०१९ आणि २०२० मध्ये संसदेने २९ कामगार कायदे एकत्र करून ४ श्रमसंहिता केल्या. संपाआधी १४ दिवसांची नोटीस आता सर्व औद्योगिक आस्थापनांना लागू होते. कायदे सुटसुटीत झाले असं सरकार म्हणतं, संप करणं अवघड झालं असं बऱ्याच संघटना म्हणतात. १९३८ चाच वाद नव्या कपड्यात.

आणि आता त्या मुलाचं उत्तर. संघटना करण्याचा हक्क संविधानाच्या कलम १९ ने त्याच्या वडिलांना दिला आहे, मला दिला आहे तेवढाच. पण मी संपावर गेलो तेव्हा माझ्या पाठीशी संघटना होती आणि संप संपल्यावर माझी खुर्ची जागेवर होती. त्याच्या वडिलांनी एकट्याने संप केला तर दुसऱ्या दिवशी त्यांच्या जागी दुसरा माणूस उभा असतो. म्हणून "करू शकतात" हे माझं उत्तर कागदावर बरोबर आणि जगण्यात अपुरं होतं.

त्याच्या आईला मात्र आता सांगता येईल. ताई, एकटीचं कोणी ऐकत नाही हे खरं. पण कायद्याला नोंदणीसाठी सात माणसं लागतात. शहाद्यात सालदार एक झाले. १९६९ मध्ये माथाडी-हमालांसाठी राज्याने कायदा केला, तोही हमाल एक झाल्यावरच.

सरावासाठी प्रश्न

१. १९०८ चा संप आधीच्या संपांपेक्षा वेगळा कसा?
२. १९३८ च्या विधेयकावर सरकार आणि कामगार, दोघांच्या बाजू तुमच्या शब्दांत लिहा.
३. पक्षाशी जोडलेल्या युनियनचे फायदे-तोटे सांगा.

उपक्रम : गावातल्या एखाद्या जुन्या गिरणी, जिनिंग किंवा रेल्वे कामगाराला भेटा. कामाचे तास, पगार आणि त्यांनी पाहिलेला संप याबद्दल पाच प्रश्न विचारा. उत्तरं त्यांच्याच बोलीत, अहिराणीत असली तर अहिराणीतच, वहीत उतरवा.

पाठ आवडला तर आपल्या वर्गात जरूर घ्या.