गरिबीचा फीडबॅक लूप

गॅदरिंगच्या तयारीत कुणीतरी माईक घेऊन थेट स्पीकरसमोर जातं आणि कानठळ्या बसवणारी शिट्टी सुरू होते. कारण आपल्याला पाठ आहे. स्पीकरचा आवाज माईकमध्ये, माईकचा परत स्पीकरमध्ये. आउटपुट हाच पुढचा इनपुट. याला पॉझिटिव्ह फीडबॅक म्हणतात. नाव चांगलं, काम वाईट! गरिबीही अशीच चालते. अर्थतज्ज्ञ रॅग्नर नर्क्से यांनी १९५३ साली गरीब देशांचं 'दुष्टचक्र' मांडलं : उत्पन्न कमी म्हणून बचत कमी, बचत कमी म्हणून भांडवल कमी, आणि भांडवल कमी म्हणून पुन्हा उत्पन्न कमी. हेच चक्र एखाद्या घरात कसं फिरतं ते बघू.

उदाहरणासाठी लांब जायला नको. मेसच्या चहातली साखर ज्या उसाची, तो ऊस तोडणारी माणसं घ्या. बीड आणि आसपासच्या कोरडवाहू भागातून लाखो माणसं दरवर्षी दसरा-दिवाळीच्या सुमारास पश्चिम महाराष्ट्र आणि कर्नाटकातल्या कारखान्यांकडे निघतात. निघण्याआधी मुकादम 'उचल' देतो, म्हणजे हंगामाच्या मजुरीची आगाऊ रक्कम. नवरा-बायको मिळून एक 'कोयता'. उचल बहुधा आजारपण, लग्न, जुनं देणं यातच संपते. मग पाच-सहा महिने ऊस तोडून ती फेडायची. एका दिवसाचा खाडा झाला तर मजुरी बुडतेच, वर अनेकदा दंडही कापला जातो. हंगामाअखेर उचल फिटली नाही तर बाकी पुढच्या वर्षावर. म्हणजे आपला बॅकलॉगच, फक्त याला एटीकेटी नाही.

आता पुढची पिढी. आईबाप निघाले की लेकरंही बैलगाडीत नाहीतर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसतात. शाळेचं अर्धं वर्ष बुडतं. जूनमध्ये मूल वर्गात येतं तेव्हा गणित पुढे गेलेलं असतं. असं दोन-तीन वर्षं झालं की शाळा सुटते आणि हातात कोयता येतो. मोठ्या मुलीला गावी कुणाच्या भरवशावर ठेवायचं आणि फडावर कसं सांभाळायचं, या काळजीने तिचं लग्न लवकर उरकतात. लग्न झालं की नवा कोयता, नवी उचल. लूप पूर्ण!

'कष्ट केले की माणूस वर येतोच' असं आपण कट्ट्यावर सहज बोलून जातो. अंधार असतानाच फडात उतरून डोक्यावर मोळ्या वाहणाऱ्यांपेक्षा जास्त कष्ट कोण करतं? बांगलादेशात ब्रॅक या संस्थेने २००७ पासून खेड्यांतल्या अतिगरीब बायकांना गाई आणि प्रशिक्षण दिलं. पुढे अनेक वर्षं त्या घरांचा अभ्यास झाला. तो २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. गाय मिळाल्यावर ज्यांची मालमत्ता एका ठराविक पातळीच्या वर गेली, ती घरं वर चढत राहिली. जी त्या पातळीखाली राहिली, ती हळूहळू पुन्हा खाली घसरली. म्हणजे फरक मुख्यतः सुरुवात कुठून झाली याचा होता. आपल्या भाषेत, इथे थ्रेशोल्ड आहे. त्याच्या खालचा धक्का वाया जातो, वरचा टिकतो.

धक्का किती, इतकंच नव्हे, तो कधी, हेही महत्त्वाचं. ग्वाटेमालातल्या काही खेड्यांत १९६९ ते १९७७ या काळात लहान मुलांना प्रथिनयुक्त पेज दिली गेली. ती मुलं मोठी झाल्यावर संशोधकांनी त्यांना पुन्हा गाठलं. वयाच्या पहिल्या दोन वर्षांत ही पेज मिळालेल्या पुरुषांची तासाची कमाई इतरांपेक्षा सरासरी ४६ टक्के जास्त निघाली. वाटीभर पेजेचा परिणाम तीस वर्षांनी पगारात दिसला!

असा धक्का मिळाला नाही तर किती काळ लागतो? ओईसीडीच्या २०१८ च्या अहवालात एक अंदाज आहे. सगळ्यात गरीब घरातल्या वंशजांना देशाच्या सरासरी उत्पन्नापर्यंत पोचायला डेन्मार्कमध्ये २ पिढ्या लागतात, भारतात ७ आणि कोलंबियात ११. सात पिढ्या म्हणजे खापरपणजोबांच्याही पलीकडे.

मग लूप तोडायचा कुठे? ऊसतोडीच्या गावांत एक साधा उपाय वापरला गेला : हंगामी वसतिगृह. आईबाप फडावर गेले तरी मूल गावातच राहतं, दोन वेळ जेवतं, शाळेत जातं. २०२१ मध्ये राज्य सरकारने या मुलांसाठी संत भगवानबाबा यांच्या नावाने वसतिगृह योजनाही मंजूर केली. म्हणजे एक कॉट, एक ताट आणि एक दिवा, एवढ्यानेही साखळीची एक कडी निखळू शकते.

आपणही वसतिगृहातच राहतो. घरातला पहिलाच इंजिनिअर होऊ घातलेला कुणीतरी आपल्याच विंगमध्ये असतो. इंग्रजी जड जातं म्हणून तो व्हायव्हाला गप्प बसतो, मेसचं बिल थकलं की जेवायला उशिरा येतो. त्याची शिष्यवृत्ती एका सहीसाठी अडकली, फी थकली आणि तो घरी परतला, तर फक्त एक सीट रिकामी होत नाही. तुटत आलेला लूप पुन्हा जोडला जातो. म्हणून ऑफिसमधल्या मंडळींना विनंती, तो अर्ज आजच पुढे सरकवा. आणि मित्रांनो, परीक्षेच्या आदल्या रात्री त्याला एम-थ्रीची दोन गणितं समजावून सांगा. तुमचा एक तास जाईल, पण त्याच्या मागे असलेल्या सगळ्या पिढ्यांनी त्या तासाची वाट पाहिली आहे.